हळदीच्या वाफ्यात सावलीची राखण

(जिल्हा बैठकीत केलेल्या भाषणाचा मजकूर)



कापसाच्या भावावर सकाळी बोलून झाले, विजेच्या बिलावरही बोलून झाले. माझ्याकडे विषय आला आहे निंदणाचा, आणि तोही हळदीच्या वाफ्यातल्या निंदणाचा. कोरडवाहू कापूस-ज्वारीवाल्यांच्या बैठकीत हळद कुठून आली, असे काही जणांच्या मनात आले असेल. ती तुमच्याच शेतातून आली आहे. हिंगोली, नांदेड, परभणी, वाशीम, यवतमाळ या पट्ट्यात ज्याच्या विहिरीला पौष-माघापर्यंत पाणी टिकते, त्याने अर्धा-एक एकर हळद धरलेली दिसते. बाकीचे सगळे वावर कापूस, ज्वारी आणि तुरीचे. वर्धा जिल्ह्यातल्या वायगावची हळद तर जुनीच. तिला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. म्हणजे आपण कोरडवाहू शेतकरीच, पण घराला आधार म्हणून एक तुकडा हळदीचा.

हा आधाराचा तुकडा घराला आधार देतो की घरचे खातो, याचा निकाल श्रावणातच लागतो. भाव पडला तर सगळ्यांना कळते, वर्तमानपत्रात येते, मोर्चा निघतो. निंदणात पैसा गेला तो कुणाला कळत नाही, कारण तो एकदम जात नाही. आठवड्याच्या बाजाराला पाचशे, हजार असा तो जातो. घरच्या बाईच्या कमरेतून जातो त्याची तर नोंदच होत नाही.

एक उदाहरणाचा हिशेब मांडू. आकडे तुमच्या गावचे घाला. समजा, एक एकर हळदीला एका निंदणीला बारा बाया लागल्या. मजुरी तीनशे रुपये धरली तर एका निंदणीचे ३,६०० झाले. तीन निंदण्यांचे १०,८०० आणि चार कराव्या लागल्या तर १४,४००. यात मजुरांना आणायची गाडी, चहापाणी आणि घरची माणसे धरलेली नाहीत. आता एवढ्या पैशाला किती हळकुंड विकावे लागते, ते तुमच्या बाजाराच्या भावाने काढा. कापूस आणि ज्वारी हमीभावाच्या यादीत तरी आहेत. तो भाव पुरा मिळतो की नाही हा भांडणाचा विषय आहे, पण भांडायला एक आकडा आहे. हळदीला हमीभावच नाही. २०२३ च्या ऑक्टोबरात राष्ट्रीय हळद मंडळ स्थापन झाले, पण मंडळ म्हणजे हमीभाव नव्हे. तेव्हा ज्या पिकाचा भाव आपल्या हातात नाही, त्याचा खर्च तरी आपल्या मुठीत पाहिजे.

हळदीत तण इतके का माजते?

कपाशीचे सरकीचे बी ओल मिळाली की सहा-सात दिवसांत वर येते. तणही तेव्हाच येते. दोघांची शर्यत एका रेषेवरून सुरू होते, आणि डवऱ्याचे चार फेर दिले की कपाशी पुढे निघते. हळदीचे तसे नाही. बेणे जमिनीत गेल्यावर कोंब वर यायला तीन आठवडे ते महिना लागतो. तोवर तण आठ दिवसांतच वर आलेले असते. म्हणजे शर्यत सुरू होण्याआधीच तण महिनाभर पुढे गेले. पुढेही हळद सावकाश वाढते. तिची पाने एकमेकांना भिडून वाफा झाकायला लागवडीपासून अडीच ते तीन महिने लागतात. त्यात वाफा गादीचा, दोन ओळी जवळ, ठिबकच्या नळ्या पसरलेल्या. तिथे डवरा चालत नाही, कोळपे चालत नाही. राहिले खुरपे आणि बाईचा हात.

दुसरी अडचण वेळेची. आषाढ-श्रावणात कपाशीचे निंदण, सोयाबीनचे निंदण आणि हळदीचे निंदण एकदमच येते. गावातल्या बाया तेवढ्याच. मजुरी चढते आणि चढूनही माणूस मिळत नाही. आठ दिवसांचा उशीर होतो, आणि त्या आठ दिवसांत चार बोटांचे तण वीतभर होते. वीतभर तणाला दुप्पट मजुरी लागते आणि हळदीचे कोंब हातात येतात ते वेगळे.

म्हणून निंदण आले की बाया शोधणे हा उपाय उशिराचा आहे. उपाय आधी करायचा, आणि तो समजण्यासाठी सावलीचे गणित समजले पाहिजे.

सावली कुणाला मानवते?

तुमच्या बांधावर बाभूळ किंवा कडूलिंब असेल. त्याच्या सावलीतली ज्वारी आठवा. धाट बारीक, कणीस हातभर दूर राहो, बोटभरही धड नाही. ज्वारी ही कडक उन्हावर पोसणारी जात आहे. आपल्या पावसाळी तणांपैकी बरीचशी ज्वारीच्याच स्वभावाची आहेत. हराळी, लव्हाळा, शिपी, माठ, यांना पूर्ण ऊन पाहिजे. ऊन अर्धे झाले की त्यांचा जोर मोडतो.

हळदीचा स्वभाव याच्या उलट. ती मूळची झाडाझुडपांच्या आडोशाची. थोडी सावली तिला सोसते, आणि आपल्या भागातल्या मे-जूनच्या उन्हात तर कोवळ्या पानाला ती हवीच असते. आपल्या जुन्या माणसांनी हळदीच्या कडेला एरंड लावला, मध्ये विरळ मका टोकला, तो काही हौस म्हणून नाही.

आणखी एक गोष्ट ध्यानात घ्या. तणाचे बी फार बारीक असते. त्याच्या पोटात शिदोरी थोडी. खोल मातीत ते उगवले तर वर येईपर्यंत मरून जाईल. म्हणून निसर्गाने त्याला उजेड ओळखायची शक्ती दिली आहे. मातीत वर्षानुवर्षे पडलेल्या बियाला आपण खुरप्याने वर आणतो, त्याला क्षणभर ऊन दिसते, आणि ते जागे होते. निंदण केल्यावर पंधरा दिवसांत पुन्हा हिरवे दिसते त्याचे हे एक मोठे कारण आहे. उलट, पिकाच्या पानातून गाळून आलेला उजेड वेगळा असतो. त्यातला बियाला जागे करणारा तांबडा भाग पानांनी शोषलेला असतो. वर कुणाचे तरी राज्य आहे हे बियाला समजते, आणि बरीचशी बिया झोपूनच राहतात.

मग आपले काम काय? हळदीची पाने मिळेपर्यंत, म्हणजे पहिले नव्वद दिवस, जमिनीवर दुसऱ्या कशाची तरी सावली ठेवायची. पाने मिळाल्यावर राखण हळद स्वतःच करते. माझ्या सगळ्या भाषणाचे सार एवढेच आहे. पुढचे सगळे ते कसे करायचे याचे आहे.

लागवडीआधीचे काम

पहिले काम उन्हाळ्यातले. हळदीचा तुकडा चैत्र-वैशाखात नांगराने उलटा आणि ढेकळे तापू द्या. लव्हाळ्याची गाठ उन्हात पूर्ण वाळली की मरते. हराळीच्या कांड्या वेचून बांधाबाहेर काढा, धुऱ्यावर टाकू नका. रोटाव्हेटर मात्र आधी घालू नका. हराळीच्या एका दोरीचे तो वीस तुकडे करतो, आणि डोळा असलेला प्रत्येक तुकडा नवे रोप होतो. लव्हाळ्याच्या गाठी मुळांच्या दोरीने एकमेकींना बांधलेल्या असतात. दोरी तुटली की प्रत्येक गाठ सुटी होऊन फुटते. म्हणून आधी नांगरट आणि वेचणी, मग वाफे करण्यापुरता रोटाव्हेटर.

दुसरे काम उकिरड्याचे. कच्चे शेणखत म्हणजे पुढच्या तीन वर्षांच्या तणाची पेरणी. गुरांच्या पोटातून पुष्कळ तणांचे बी जिवंत बाहेर पडते. खड्डा नीट भरला, ओलावला, मध्ये एकदा उलटला तर खत तापते आणि ते बी मरते. हळदीला खत भरपूर लागते, त्यामुळे ही चूक हळदीत सगळ्यात महाग पडते. कापसाला चालले ते खत हळदीला चालेलच असे नाही.

तिसरे काम, ज्याला मी तणाला फसवणे म्हणतो. वाफे लागवडीच्या पंधरा दिवस आधी तयार करा. विहिरीला पाणी असेल तर ठिबक सोडून वाफा ओला करा. नसेल तर मृगाच्या पहिल्या पावसाची वाट पाहा. आठ-दहा दिवसांत वरच्या थरातले तण दोन पानांवर येते. ते वरच्या वर खरडून काढा. खुरपे बोटाच्या एका पेरापेक्षा खाली जाऊ देऊ नका, नाहीतर खालचे नवे बी वर येईल. मग बेणे लावा. आठ-दहा दिवस थांबणे परवडते. जुलै उजाडेपर्यंत थांबणे परवडत नाही, कारण हळद आठ-नऊ महिन्यांचे पीक आहे आणि पावसाचे दिवस तिच्या वाढीचे दिवस आहेत.

ज्याला बेण्यापुरताच चार-पाच गुंठ्यांचा वाफा करायचा आहे त्याने मे महिन्यात ओल्या वाफ्यावर पारदर्शक प्लॅस्टिक चार ते सहा आठवडे घट्ट अंथरावे. काळे नाही, पारदर्शक. कारण ऊन आत शिरून माती तापली पाहिजे. कडा मातीत दाबा. पुष्कळ तणांचे बी आणि काही रोगही त्यात जातात. लव्हाळा मात्र यालाही सहज दाद देत नाही.

लागवड ते भरणी

बेणे लावले की त्याच दिवशी वाफा झाका. कोझिकोडची मसाला पीक संशोधन संस्था हळदीला लागवडीबरोबर हेक्टरी १२ ते १५ टन हिरवा पाला अंथरायची शिफारस करते. एकरी पाच-सहा टन झाला. तुम्ही म्हणाल, केरळात झाडी आहे, आमच्याकडे कुठून आणायचा? प्रश्न बरोबर आहे. वैरणीला हात लावायचा नाही हे पहिले. कडबा आणि सोयाबीनचे कुटार गुरांचे आहे. त्यापलीकडे काय आहे ते पाहू.

एक, बांधावर गिरीपुष्प लावा. त्याच्या फांद्या पुरल्या तरी फुटतात, वर्षातून दोन-तीन वेळा छाटता येतो, आणि पाल्यात नत्र असते. पहिल्या वर्षी मिळणार नाही, तिसऱ्या वर्षी भारे मिळतील.

दोन, हळदीच्या सरीत ताग पेरा. लागवडीच्या दिवशीच पेरला तर तो आठवड्यात वर येतो, हळदीच्या कोंबांना ऊन-वाऱ्याचा आडोसा देतो आणि सरीतल्या तणाचे ऊन काढून घेतो. चाळीस-पंचेचाळीस दिवसांनी, फुलावर येण्याआधी, कापून वाफ्यावर अंथरा. तो ठेवण्याचा मोह धरू नका. ठेवला तर तोच हळदीचे तण होईल.

तीन, पऱ्हाटी. चुलीला लागून उरते ती आपण पेटवून देतो. तिचे यंत्राने बारीक तुकडे केले तर चांगले आच्छादन होते. पण अखंड पऱ्हाटी शेतात आणून टाकू नका. तिच्या बोंडांत गुलाबी बोंडअळी दडून बसलेली असते, आणि हळदीच्या आच्छादनापायी शेजारच्या कापसात अळी सोडल्यासारखे होईल. बारीक करा, तेही फरदड न घेता वेळेवर उपटलेली पऱ्हाटी, नाहीतर आणू नका. चार-पाच जणांनी मिळून तुकडे करणारे यंत्र भाड्याने आणले तर परवडते.

चार, ज्वारीची धसकटे. ज्वारीच्या मुळांतून काही तणांना मारक असे द्रव्य निघते. शास्त्रज्ञ त्याला सोर्गोलिओन म्हणतात. ज्वारीच्या शेतात पुढच्या हंगामात बारीक तण कमी दिसते ते तुमच्या पाहण्यात असेलच. धसकटे वेचून धुऱ्यावर जाळण्यापेक्षा तोडून सरीत टाका.

थर किती? माती दिसू नये इतका, साधारण दोन-तीन बोटे. हळदीचा कोंब त्यातून आरपार येतो. काळ्या चोपण जमिनीत मात्र सऱ्यांची तोंडे मोकळी ठेवा. आच्छादनाखाली पाणी तुंबले तर कंदकूज लागते, आणि तण वाचवताना पीक गमावल्यासारखे होईल.

हे सगळे करून निंदण पूर्ण बंद होईल, असे मी सांगत नाही. आच्छादन नीट असेल तर लागवडीपासून साधारण दीड-दोन महिन्यांनी एक चांगली हातनिंदणी लागेल, मग खत, मग भरणी. भरणीची माती लहान तणाला गाडते, हा तिचा दुसरा फायदा. भरणीनंतर पुन्हा पाला टाका, कारण भरणीने उघडी झालेली माती म्हणजे तणाला पुन्हा आमंत्रण. त्यानंतर हळद मिटते आणि मोठे तण तेवढे उपटावे लागते.

भरणीनंतर वाफ्यात खुरपे चालवू नका. हळदीचे गड्डे आणि मुळे वरच्या थरातच पसरलेली असतात. खुरप्याची जखम झाली की तिथून कंदकूज शिरते, कंदमाशीला वाट मिळते. ओल असताना हाताने उपटा, आणि बी धरण्याआधी उपटा. गाजर गवताचे एक झाड हजारो बिया टाकते. एक झाड बांधावर फुलू दिले तर पुढच्या वर्षी बारा बायांचा रोज त्याने आजच लिहून ठेवला.

सावलीला न भिणारी तणे

आता खरे बोलायचे तर सगळीच तणे सावलीला भीत नाहीत. दोन ओळखून ठेवा.

एक लव्हाळा. सावलीत त्याचा जोर मोडतो, नव्या गाठी कमी धरतात, पण जुनी गाठ मरत नाही. त्याचा कोंब सुईसारखा. पाला तर सोडाच, प्लॅस्टिकलाही भोक पाडून वर येतो. त्याला एकच औषध, सातत्य. पान वर आले की गाठीतली शिदोरी खर्च होते. तीन-चार पाने होऊन ती शिदोरी परत भरण्याआधी पान काढले, पुन्हा आले, पुन्हा काढले, तर गाठ दमते. महिन्याने एकदा शंभर बाया लावण्यापेक्षा दर पंधरवड्याला घरच्या दोन माणसांनी फेरी मारणे लव्हाळ्याला जास्त लागते. आणि ज्या तुकड्यात लव्हाळा ठासून भरला आहे तिथे यंदा हळद लावूच नका. तिथे एक-दोन वर्षे दाट ज्वारी घ्या, उन्हाळ्यात नांगरा, मग पाहू.

दुसरा केना. हा तर सावलीचाच सोबती. बांधावरच्या झाडाखाली ज्वारी लोळते तिथे केना निळी फुले घेऊन मजेत असतो. तोडलेला तुकडा ओल्या मातीवर पडला की पेरापेराला मुळ्या धरतो. जमिनीच्या वर बी धरतो तसे मातीच्या आतही बी धरतो. त्याला उपटून सरीत टाकले म्हणजे लावले. टोपलीत भरा, वाफ्याबाहेर काढा, गुरांपुढे घाला. कोवळा असेल तर भाजी करा. तणनाशकांपैकी ज्याचा गावोगाव सगळ्यात मोठा बोलबाला आहे, त्या ग्लायफोसेटलाही केना सहज मरत नाही. म्हणून ज्यांनी नुसत्या औषधावर भर दिला त्यांच्या शेतात बाकी तणे गेली आणि केन्याचे राज्य आले.

औषधाविषयी

औषध वापरूच नका, असे सांगायला मी उभा नाही. मजूर नाही, पाऊस थांबत नाही, अशा वेळी शेतकऱ्याने काय वापरावे हे ठरवण्याचा अधिकार शेतकऱ्याचा आहे. पण अधिकार माहितीनिशी चालवायचा असतो.

हळदीत औषधाची खिडकी लहान आहे. लागवड झाल्यावर आणि कोंब वर येण्याआधी, ओल्या जमिनीवर मारायची, बियाला उगवताना मारणारी औषधे आहेत. कोंब वर आल्यावर सगळे तण मारील आणि हळदीला धक्का लावणार नाही असे औषध नाही. दुकानदार काहीही सांगो. डब्यावरच्या पत्रकात हळद हा शब्द छापलेला आहे का, तो आधी वाचा किंवा शाळेत जाणाऱ्या पोरीकडून वाचून घ्या. छापलेला नसेल तर नुकसान झाल्यावर भांडायला तुमच्या हातात काही राहत नाही. पक्की पावती घ्या.

ज्वारीत चालणारे ॲट्राझीन ज्वारी पचवते, पण त्याच ज्वारीत मूग-तुरीच्या ओळी असतील तर त्या होरपळतात. टू-फोर-डी तर कपाशीचा वैरी. ज्या पंपाने ते मारले तो नुसता विसळून कपाशीवर नेला तरी पाने निमुळती होऊन कपाशी भेंडीसारखी दिसायला लागते, आणि आपण म्हणतो रोग आला. तणनाशकाचा पंप वेगळा ठेवा, त्याला पंख्यासारखा पट्टा सोडणारे नोझल लावा, वारा असताना फवारू नका. ग्लायफोसेटच्या बाबतीत २०२२ च्या ऑक्टोबरात केंद्र सरकारने अधिसूचना काढली की ते परवानाधारक कीडनियंत्रकांमार्फतच वापरावे. गावात ते कसे वापरले जाते हे तुम्हाला माहीत आहे. तणनाशक सहन करणाऱ्या कपाशीच्या वाणाला सरकारने मान्यता दिलेली नाही; २०१९ च्या जूनमध्ये अकोला जिल्ह्यात अकोली जहाँगीरला शेतकऱ्यांनी ते उघडपणे लावून सत्याग्रह केला. तंत्रज्ञानाच्या स्वातंत्र्याचा तो प्रश्न आपल्या ठिकाणी आहे. पण आजचा व्यवहार असा आहे की चोरून आलेल्या बियाला पावती नाही, आणि शेजारच्या कपाशीवरचा फवारा वाऱ्याने तुमच्या हळदीवर आला तर हळदीला ते सहन करायची विद्या नाही. हळदीचा वाफा आणि फवारणीची कपाशी एका बांधावर असतील तर दोघांनी आधी बसून बोलून घ्यावे. श्रावणात भांडण करून हळद परत येत नाही.

आणि जिवाचे सांगतो. २०१७ च्या हंगामात यवतमाळ जिल्ह्यात कपाशीच्या फवारणीत विषबाधा होऊन शेतकरी आणि शेतमजूर दगावले. ती कीटकनाशके होती. पण शिकवण सगळ्याच फवारणीला लागू आहे. पॅराक्वाट या तणनाशकावर तर उतारा नाही. डबा घरात, पोरांच्या हाताला लागेल असा ठेवू नका.

कापूस-ज्वारीलाही हेच

ज्यांच्याकडे हळद नाही त्यांनी इतका वेळ ऐकून घेतले, त्यांच्यासाठी दोन शब्द. कपाशीला पहिले साठ दिवस आणि ज्वारीला पहिला महिना-सव्वा महिना तणाचा खरा मार बसतो. त्या दिवसांत दोन ओळींतल्या मोकळ्या मातीवर कुणाची सावली आहे, हा प्रश्न स्वतःला विचारा. कपाशीच्या पट्ट्यात मूग किंवा उडीद असेल तर तो साठ-पासष्ट दिवसांत निघून जातो, तोवर जमीन झाकतो, आणि घरात डाळ येते. ज्या कोरडवाहू हलक्या जमिनीत कपाशीच्या ओळी कधी भिडतच नाहीत, तिथे अंतर कमी करण्याचा विचार करा. मोकळ्या जमिनीत तण येणारच. ती जमीन आपण वापरत नाही म्हणून तण वापरते.

हिशेबात बाई कुठे आहे?

शेवटचा मुद्दा. निंदण हे बाईचे काम, असे आपण धरून चाललो आहोत. चार तास पाण्यात वाकून, अंगावर पोत्याची खोळ घेऊन जे काम होते त्याला आपण हलके काम म्हणतो आणि पुरुषापेक्षा कमी रोज देतो. हलके असेल तर पुरुषांनी एक दिवस करून पाहावे. घरची बाई निंदते तेव्हा तर तो रोज कुठेच लिहिला जात नाही. कृषिमूल्य आयोग घरच्या मजुरीला एफएल म्हणतो. २०१८-१९ च्या अर्थसंकल्पात दीडपट हमीभावाची जी घोषणा झाली ती ए-टू अधिक एफएल या खर्चावर होती, जमिनीचा खंड आणि भांडवलाचे व्याज धरणाऱ्या सी-टू वर नव्हती, हे आपण अनेकदा बोललो. पण जो एफएल धरतात तो तरी खरा आहे का? आपणच आपल्या घरची निंदणी लिहून ठेवली नाही तर सरकारपुढे कुठला कागद ठेवणार?

म्हणून या बैठकीतून तीन कामे घेऊन जा.

पहिले, मृगापासून दिवाळीपर्यंत निंदणाची वही ठेवा. तारीख, पीक, तुकडा, किती बाया, किती रोज, घरची माणसे किती. घरच्या बाईचा रोज मजुराच्या रोजाइतकाच लिहा. वही घरच्या बाईच्या हातात द्या.

दुसरे, ज्यांची हळद आहे त्यांनी यंदा सगळ्या तुकड्यात प्रयोग करू नये. चार वाफे झाकून लावा, शेजारचे चार नेहमीसारखे ठेवा. खत, पाणी, बेणे सारखेच. दोन्हींचे निंदण वेगळे लिहा आणि काढणीला दोन्हींची ओली हळद वेगळी तोला. विद्यापीठाचे आकडे विद्यापीठाच्या जमिनीचे असतात. तुमच्या जमिनीचा आकडा तुमच्या वाफ्यातच निघेल.

तिसरे, गावागावातून पाच-सहा वह्या तरी पुढच्या जिल्हा बैठकीला आल्या पाहिजेत. त्या आल्या की हळदीच्या उत्पादन खर्चाचा कागद आपण स्वतः करू आणि हळद मंडळाकडे व कृषी खात्याकडे तो घेऊन जाऊ. पऱ्हाटी बारीक करणारी यंत्रे गावपातळीवर भाड्याने मिळावीत ही मागणीही त्याच कागदावर लिहू.

वही स्वस्त आहे, ताग स्वस्त आहे, आणि पाला तर आपल्याच बांधावरचा आहे. यंदाच्या मृगाला सुरुवात करा. बैठकीला येताना घरच्या मायबहिणींना बरोबर आणा, कारण वहीतला अर्धा हिशेब त्यांनाच तोंडपाठ आहे.